लिफाफा आणि हॉलतिकीट : एका जनरलची दुसरी खुर्ची

(लोणार तालुक्यातल्या सुलतानपूर इथं, अभ्यासिकेतल्या मुलामुलींसमोर रेकॉर्ड केलेला भाग. बोलणं होतं तसंच ठेवलंय, अडखळणं तेवढं काढलंय.)

मागपर्यंत आवाज येतोय ना? पंखा जरा बारीक करा कुणीतरी, माइकमध्ये फार येतोय तो.

आज स्टुडिओ नाही. आज आपण सुलतानपुरात आहोत. बाहेरची मंडळी लोणारचं सरोवर बघायच्या घाईत इथून पुढं निघून जातात. मी म्हटलं, आपण थांबू. कारण सकाळी रस्त्याच्या कडेनं पळणारी पोरं दिसली, हातात मोबाइल, मोबाइलवर स्टॉपवॉच, सोळाशे मीटर मोजत. आणि तीच पोरं आता इथं वही उघडून बसलीत. हात वर करा बघू, एमपीएससी करणारे किती? आणि सैन्यभरती? हां. बरेच हात दोन्ही वेळेला वर आले.

मग आजचा माणूस तुमच्यासाठीच आहे. कारण हा माणूस दोन्हीकडे होता. सैन्यात लेफ्टनंट जनरल, आणि निवृत्तीनंतर महाराष्ट्र लोकसेवा आयोगाचा अध्यक्ष. म्हणजे तुम्ही ज्या परीक्षेचा फॉर्म भरता, त्या आयोगाच्या खुर्चीवर एकेकाळी एक फौजी बसला होता. नाव शंकरराव पांडुरंग पाटील थोरात. सैन्यात त्यांना एस. पी. पी. थोरात म्हणत. जन्म १९०६, कोल्हापूर जिल्ह्यातल्या वडगावचा. हे नाव इथं किती जणांनी ऐकलंय? एक. दोन. म्हणजे भाग करायला पाहिजेच होता.

निवृत्त जनरल सरकारी पदावर जातो, ही बातमी आपण नेहमी ऐकतो. कुणी राज्यपाल, कुणी राजदूत, कुणी मंत्री. आपण त्यावर दोनच प्रकारे बोलतो. एक तर "वा, आता शिस्त येणार", नाहीतर "मिळालं बक्षीस". माझं म्हणणं असं की तिसरा एक प्रश्न विचारायला पाहिजे. या खुर्चीनंतर त्याला अजून एक खुर्ची मिळू शकते का? आणि ती देणारा कोण? या प्रश्नाचं उत्तर मिळालं की निम्मं कळतं.

आधी थोरात कोण होते ते सांगतो. लढाईचं थोडक्यात सांगतो, कारण खरा मुद्दा पुढं आहे.

दुसरं महायुद्ध, जानेवारी १९४५, ब्रह्मदेशातला आराकान भाग, कांगॉ नावाचं ठिकाण. तिथं ५१ नंबरच्या भारतीय ब्रिगेडमध्ये तीन पलटणी होत्या आणि तिन्हींचे कमांडर भारतीय. त्या काळात इंग्रज हे सहसा होऊ देत नसत. एक थिमय्या, जे पुढं लष्करप्रमुख झाले. दुसरे एल. पी. सेन. तिसरे आपले थोरात, पंजाब रेजिमेंटची पलटण घेऊन. तिघांनाही त्या लढाईसाठी डीएसओ हे शौर्यपदक मिळालं. ही तीन नावं लक्षात ठेवा. थिमय्या, सेन, थोरात. पुढं १९६२ मध्ये परत लागणार आहेत.

आता कोरिया. हा भाग मला फार आवडतो. १९५३ मध्ये कोरियातलं युद्ध थांबलं, पण बावीस हजारांच्या वर असे युद्धकैदी उरले ज्यांनी आपापल्या देशात परत जायला नकार दिला. त्यांना सांभाळणार कोण? दोन्ही बाजूंना चालेल असा देश पाहिजे होता. भारत. थिमय्या त्यासाठी नेमलेल्या तटस्थ आयोगाचे अध्यक्ष, आणि कैदी प्रत्यक्ष सांभाळणाऱ्या भारतीय फौजेचे प्रमुख मेजर जनरल थोरात. फौजेचं काम काय, तर गोळी न चालवता हजारो चिडलेल्या माणसांना सांभाळायचं. आत कम्युनिस्टविरोधी कैदी, बाहेर दोन महासत्ता टपून बसलेल्या. एकदा कैद्यांनी एका भारतीय मेजरला कुंपणाच्या आत धरून ठेवलं. थोरात स्वतः आत गेले. बोलून, दटावून, समजावून त्याला सोडवून आणलं. गोळीबार नाही.

हे का सांगतोय? कारण लोकांना वाटतं, फौजी म्हणजे हुकूम. "एक, दो, एक" झालं की सगळं सरळ. अरे, कोरियात कुणाला हुकूम देणार? कैदी तुमचे सैनिक नाहीत, अमेरिका तुमचं ऐकत नाही, चीन तर नाहीच. हुकमाशिवाय माणसं हाताळायची सवय ज्या फौजीला लागली, तोच पुढं मुलकी खुर्चीत टिकतो. हे माझं मत आहे, पटलं तर घ्या.

आता १९५७. थोरात पूर्व विभागाचे आर्मी कमांडर झाले. मुख्यालय तेव्हा लखनौला होतं. ऑगस्ट १९५९ मध्ये नेफात, म्हणजे आजच्या अरुणाचलात, लोंगजूला चिनी सैन्यानं आपल्या ठाण्यावर गोळीबार केला. त्यानंतर त्या सीमेची जबाबदारी सैन्याकडं आली, म्हणजे थोरातांकडं.

ऑक्टोबर १९५९ मध्ये त्यांनी एक कागद लिहिला. सार असं की, सीमेच्या अगदी रेषेवर छोटी छोटी ठाणी लावून लढता येणार नाही. तिथं रस्ते नाहीत, रसद पोहोचत नाही, तोफा चढत नाहीत. पुढं थोडी नजर ठेवणारी माणसं ठेवा, आणि खरी फळी मागं, जिथं आपली रसद पोहोचते तिथं उभारा. त्यासाठी जास्तीचं सैन्य लागेल. लष्करप्रमुख थिमय्यांना हे पटलं, त्यांनी कागद संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांच्याकडं पाठवला. मेनन यांना पटलं नाही. त्यांना ती उगाच घातलेली भीती वाटली.

थोरात तरी थांबले का? मार्च १९६० मध्ये लखनौला त्यांनी एक सराव घेतला, त्याचं नाव 'लाल किल्ला'. चीननं हल्ला केला तर आपली कुठली ठाणी कितव्या दिवशी पडतील, हे त्यात मांडलं. आता ऐका. १९६२ मध्ये हल्ला झाला तेव्हा त्यातलं पुष्कळसं तसंच घडलं.

(मागून कुणीतरी : "मग दादा, ते प्रमुख का नाही झाले?")

हां, तिथंच येतोय. १९६१ मध्ये थिमय्या निवृत्त होत होते. त्यांनी पुढच्या प्रमुखासाठी थोरातांचं नाव सुचवलं. सरकारनं थापर यांना नेमलं. थापर सेवाज्येष्ठ होते, हेही सांगायला पाहिजे, नाहीतर अर्धीच गोष्ट होईल. मे १९६१ मध्ये थोरात निवृत्त झाले. वय ५४. आणि त्यांच्या जागी पूर्व विभागात कोण आलं? एल. पी. सेन. कांगॉचा जुना सोबती. २० ऑक्टोबर १९६२ ला चीननं हल्ला केला तेव्हा त्या खुर्चीवर सेन होते.

म्हणजे एकाच ब्रिगेडमधले तीन मित्र. एकानं कागद लिहिला, एकानं तो वर पाठवला, आणि मार पडला तेव्हा सीमा तिसऱ्याकडं होती.

ऑक्टोबर-नोव्हेंबर १९६२. तवांग हातचं गेलं, मग से ला, मग बोमदिला. मेनन यांना जावं लागलं, आणि आपले यशवंतराव चव्हाण महाराष्ट्राचं मुख्यमंत्रिपद सोडून दिल्लीला संरक्षणमंत्री झाले. 'हिमालयाच्या मदतीला सह्याद्री' हे वाक्य तुमच्या आजोबांना पाठ असेल. त्याच काळात नेहरूंनी थोरातांना बोलावून घेतलं, राष्ट्रीय संरक्षण परिषदेवर घेतलं. थोरातांनी आपल्या 'फ्रॉम रेव्हली टू रिट्रीट' या आत्मचरित्रात ही भेट सांगितलीय. नेहरूंनी तो १९५९ चा कागद बघितला आणि हा मला आधी का दाखवला नाही, असं विचारलं. आता ही थोरातांची बाजू आहे. आत्मचरित्रात माणूस आपली बाजू सांगणारच. पण कागद होता, सराव झाला होता, आणि निकाल सगळ्या देशानं बघितला.

आता याच गोष्टीतला दुसरा कोल्हापूरकर. जनरल सत्यवंत मल्लण्णा श्रीनागेश. जन्म १९०३, कोल्हापूर. १९५५ ते १९५७ लष्करप्रमुख. निवृत्तीनंतर आधी हैदराबादच्या ॲडमिनिस्ट्रेटिव्ह स्टाफ कॉलेजचे प्रमुख झाले, आणि ऑक्टोबर १९५९ मध्ये आसामचे राज्यपाल. तारीख बघा. लोंगजूनंतर दोन महिन्यांनी. आणि नेफाचा कारभार तेव्हा आसामच्या राज्यपालामार्फत चालायचा, राष्ट्रपतींचा प्रतिनिधी म्हणून. म्हणजे काही काळ असं चित्र होतं : शिलाँगच्या राजभवनात कोल्हापूरचा माजी लष्करप्रमुख, लखनौला कोल्हापूरचा आर्मी कमांडर, आणि मध्ये तीच सीमा. वाटतं ना, की आता काम फत्ते?

पण राजभवनात गेलेल्या जनरलच्या हातात पलटण नसते. सल्ला असतो, आणि तो दिल्लीनं ऐकला तर ऐकला. प्रमुख असताना ज्याच्या शब्दावर लाखोंची फौज हलायची, त्याला राज्यपाल झाल्यावर वरून काय कळवलंय ते बघावं लागतं. श्रीनागेश सप्टेंबर १९६२ मध्ये आसाममधून आंध्र प्रदेशला राज्यपाल म्हणून गेले, युद्धाच्या सहा आठवडे आधी. पुढं म्हैसूरचे राज्यपाल झाले. तीन राजभवनं. मी त्यांच्यावर टीका करत नाहीये. त्या पदाची रचनाच अशी आहे. राज्यपाल राहतो तो राष्ट्रपतींची मर्जी असेपर्यंत, असं घटनेतच आहे, १५६ वं कलम. तुम्हाला येणारच हे परीक्षेला.

आता आयोगाची खुर्ची बघू. इथं पेन काढा, कारण हे राज्यघटनेच्या पेपरचंही आहे.

राज्य लोकसेवा आयोगाच्या अध्यक्षाला राज्यपाल नेमतात, पण काढू शकतात फक्त राष्ट्रपती. गैरवर्तनाचा आरोप असेल तर आधी सुप्रीम कोर्टाकडून चौकशी. ३१७ वं कलम. मुदत सहा वर्षं किंवा वयाची मर्यादा, जे आधी होईल ते. आता ही मर्यादा ६२ आहे, थोरातांच्या वेळी ६० होती, १९७६ च्या ४१ व्या घटनादुरुस्तीनं वाढली. आणि सगळ्यात महत्त्वाचं ३१९. राज्य आयोगाचा अध्यक्ष पद सोडल्यावर दुसऱ्या राज्याच्या आयोगाचा अध्यक्ष होऊ शकतो, यूपीएससीवर जाऊ शकतो, बस. केंद्राची किंवा राज्याची दुसरी कुठलीही नोकरी त्याला घेता येत नाही.

का असं? कारण घटना लिहिणाऱ्यांना माणूस माहीत होता. जो माणूस हजारो पोरांची निवड करतो, त्याच्यापुढं मंत्र्याचा भाचा मुलाखतीला बसला, तर त्याच्या डोक्यात आपल्या पुढच्या नेमणुकीचा विचार यायला नको. पुढं काही मिळणारच नाही म्हटल्यावर कुणाला घाबरायचं?

आणि हुकमाचं काय? आयोग हुकूम देत नाही. आयोग शिफारस करतो, नेमणूक सरकार करतं. अध्यक्ष एकटा राजा नसतो, बाकीचे सदस्य असतात. ज्यानं पूर्व विभागाची अख्खी फौज सांभाळली, त्याला आता टेबलाच्या एका बाजूला बसून बी.ए. झालेल्या बावीस वर्षांच्या पोराला प्रश्न विचारायचे होते आणि त्याचं म्हणणं शांतपणे ऐकायचं होतं. मला हा बदल राजभवनापेक्षा मोठा वाटतो. राजभवनात निदान सॅल्यूट तरी असतो.

पण थांबा, ३१९ ला एक खिडकी आहे आणि ती तुम्हाला सांगितली पाहिजे. राजस्थानच्या लोकसेवा आयोगाचे एक माजी सदस्य रघुकुल तिलक पुढं राजस्थानचेच राज्यपाल झाले. कुणीतरी कोर्टात गेलं की हे ३१९ च्या विरुद्ध आहे. १९७९ मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं, राज्यपालपद ही भारत सरकारची 'नोकरी' नाही, ते घटनात्मक पद आहे, म्हणून बंदी लागू होत नाही. कायद्यानं बरोबर असेल. पण दार बंद केलं आणि राजभवनाकडची खिडकी उघडी राहिली, हे मला खटकतं. तुम्हाला वेगळं वाटत असेल तर कळवा, भांडू आपण.

बाकीचे जनरल पटापट घेतो. करिअप्पा, पहिले भारतीय लष्करप्रमुख, १९५३ मध्ये निवृत्त झाले आणि ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडला उच्चायुक्त म्हणून गेले. पुढं १९७१ मध्ये मुंबईतून लोकसभेला उभे राहिले आणि पडले. थिमय्या संयुक्त राष्ट्रांच्या फौजेचे प्रमुख म्हणून सायप्रसला गेले, तिथंच १९६५ मध्ये वारले. महाराष्ट्राला तर लागोपाठ दोन माजी हवाईदलप्रमुख राज्यपाल मिळाले, ओ. पी. मेहरा आणि मग इद्रिस लतीफ. लतीफ नंतर फ्रान्सला राजदूत होते. अलीकडचं उदाहरण तुम्हाला माहीत आहे, जनरल व्ही. के. सिंग. मे २०१२ मध्ये निवृत्त, मार्च २०१४ मध्ये पक्षात, मे मध्ये खासदार, मग मंत्री, आणि आता मिझोरामचे राज्यपाल. ते निवडून आले, लोकांनी मत दिलं, त्यामुळं त्यांची गोष्ट वेगळी. पण गणवेश उतरवल्यापासून पक्षाचा गमछा घालेपर्यंत किती दिवस जावेत, याला आपल्याकडं नियम नाही. खाजगी कंपनीत जायचं तर मोठ्या अधिकाऱ्याला एक वर्ष थांबावं लागतं, नाहीतर परवानगी काढावी लागते. निवडणुकीला तेवढंही नाही.

आणि एक जोडी अशी आहे की ती ऐकून मी बराच वेळ गप्प बसलो होतो. १९८३. लष्करप्रमुखाची जागा रिकामी होणार होती. लेफ्टनंट जनरल एस. के. सिन्हा सेवाज्येष्ठ, पण नेमलं गेलं आपल्या अरुणकुमार वैद्यांना. सिन्हांनी राजीनामा दिला. ते पुढं नेपाळला राजदूत, आसामचे राज्यपाल, मग जम्मू-काश्मीरचे राज्यपाल. वैद्य जानेवारी १९८६ मध्ये निवृत्त होऊन पुण्यात राहायला आले, आणि ऑगस्टमध्ये अतिरेक्यांनी भररस्त्यात त्यांना मारलं. ऑपरेशन ब्लू स्टारच्या वेळी ते प्रमुख होते म्हणून. ज्याला खुर्ची मिळाली त्याचं काय झालं आणि ज्याची हुकली त्याचं काय झालं, बघा.

बरं. आता प्रश्न घेऊ. इथं मागं एक काका उभे आहेत, बसा ना काका. काका सैन्यातून निवृत्त झालेत, हवालदार होते. त्यांनी मघाशी चहाच्या वेळी मला विचारलं ते सगळ्यांसमोर सांगतो : "जनरलसाहेबांचं कळलं. आमचं काय?"

बरोबर विचारलं त्यांनी. जनरलला लिफाफा येतो. हवालदाराला हॉलतिकीट काढावं लागतं. जवान साधारण पस्तीस-चाळीसच्या वयात बाहेर पडतो, पोरं शाळेत असतात, आणि दुसरी नोकरी शोधायला लागतो. बँकेच्या दारात बंदूक घेऊन उभा असलेला माणूस बघा कधी नीट. आता अग्निवीर आलेत, २०२२ पासून. चार वर्षं सेवा, त्यातले जास्तीत जास्त पंचवीस टक्के कायम. उरलेले पंचविशीच्या आत-बाहेर घरी. म्हणजे इथं पळणाऱ्या चार पोरांची भरती झाली तर त्यातली तीन पुन्हा याच अभ्यासिकेत येऊन बसण्याची शक्यता. त्यांच्यासाठी 'सैन्यातून सरकारी पदाकडे' हा पेपरातला विषय नाही, तो त्यांच्या पोटापाण्याचा आहे. आणि म्हणूनच आयोगाच्या खुर्चीवर बसलेल्या माणसाला कुणाचं मिंधं असून चालत नाही. त्यानं एका भाच्याला वर सरकवलं की खाली सुलतानपूरचा एक जण घसरतो.

काका, तुमच्यासाठी कामाचं सांगतो, इतरांनीही घरच्यांना सांगा. जाहिरातीत समांतर आरक्षणाच्या तक्त्यात 'माजी सैनिक' असा रकाना असतो, तो बघायचा. वयाची अडचण फार जण उगाच धरून बसतात. सैन्यात जेवढी सेवा झाली तेवढी वर्षं अधिक तीन, एवढी सवलत वयात मिळते. दहावी होऊन १५ वर्षं सेवा झाली असेल तर सैन्याकडून पदवीच्या तोडीचं प्रमाणपत्र मिळतं, काही पदांना चालतं, सगळ्या नाही, म्हणून जाहिरातीतली अट शब्द न् शब्द वाचायची. डिस्चार्ज बुक लॅमिनेट करू नका, झेरॉक्स काढून ठेवा. आणि बुलढाण्याला जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय आहे, तिथं नाव नोंदलंय का ते आधी बघा.

(एक मुलगी : "दादा, ३१९ वर प्रश्न येतो का?")

येऊ शकतो. अध्यक्ष आणि सदस्य यांना वेगवेगळे नियम आहेत, तिथंच फसवतात. राज्य आयोगाचा सदस्य पुढं त्याच आयोगाचा अध्यक्ष होऊ शकतो. यूपीएससीच्या अध्यक्षाला मात्र पुढं केंद्राची किंवा राज्याची कुठलीही नोकरी घेता येत नाही, पूर्ण बंदी. एवढं पाठ करा.

थोरात १९९२ मध्ये गेले. त्यांचं आत्मचरित्र कुठं जुन्या पुस्तकांत दिसलं तर घ्या, इंग्रजी सोपं आहे, कोरियाचा भाग आधी वाचा. पुढचा भाग पंधरा दिवसांनी, विषय तुम्हीच सुचवायचा, खाली कॉमेंटमध्ये. आणि उद्या सकाळी सोळाशे मीटरला मीही येतोय, पण मला मागं सोडून जाऊ नका. चला, थांबतो. पंखा मोठा करा आता.